‘दास लेबेन देर आंदेरेन’ : उलरिश म्यूए पाहायचा तर ब्लू-रेच घ्या

2006 च्या या जर्मन चित्रपटात उलरिश म्यूए झाला आहे व्हीसलर, पूर्व जर्मनीच्या ‘स्टासी’ या गुप्त पोलिसांचा अधिकारी, जो माळ्यावर बसून एका अभिनेत्रीच्या घरातलं बोलणं चोरून ऐकतो. चित्रपट बाजारात डीव्हीडी आणि ब्लू-रे अशा दोन्ही रूपांत मिळतो. दोन्हींत चित्रपट तोच, पण उलरिश म्यूएसाठी घ्यायचा असेल तर डीव्हीडी नको, आणि त्यातही युरोपातली पाल या टीव्ही पद्धतीची तर नकोच. चित्रपट सेकंदाला 24 फ्रेमने चित्रित झालेला, पाल डीव्हीडी तो 25 ने पळवते. 137 मिनिटांचा चित्रपट सुमारे 132 मिनिटांत संपतो आणि आवाजाची पट्टी दुरुस्त केलेली नसेल तर ती जवळजवळ पाऊण अर्धस्वराने वर जाते. म्यूएचं बरंचसं काम सपाट, खालच्या आवाजात आणि वाक्यांमधल्या थांब्यांत आहे. नेमकं तेच आखडतं. ब्लू-रेवर वेग मूळचा राहतो. घेण्याआधी डिस्कचा रीजन (ती कोणत्या देशांसाठी आहे ते सांगणारा कोड) आपल्या प्लेअरला चालतो का, तेवढं बघा.

टीव्हीवरचं मोशन स्मूदिंग (जादा फ्रेम घालून हालचाल गुळगुळीत करणारी सोय) बंद करा आणि पिक्चर मोड ‘सिनेमा’वर ठेवा. ‘व्हिव्हिड’मध्ये पूर्व बर्लिनचा तो करडा-हिरवट रंग भडक होतो आणि माळ्यावरच्या अंधाऱ्या प्रसंगांत चेहरा कृत्रिम दिसतो. हेडफोन लावून बसलेल्या व्हीसलरच्या गालावरून ओघळणारा अश्रू मंद उजेडात आहे; कमी बिटरेटच्या स्ट्रीमिंगमध्ये सावल्यांचे चौकोन पडतात ते अशाच जागी.

ऑडिओ जर्मनच निवडा. इंग्रजी सबटायटल्समध्ये सगळीकडे एकच ‘यू’, पण जर्मनमध्ये ‘झी’ आणि ‘दू’ असा भेद आहे, अगदी आपल्या तुम्ही-तू सारखा. मराठी कानाला तो लगेच कळतो. व्हीसलर जुना वर्गमित्र असलेल्या वरिष्ठाशी ‘दू’वर बोलतो, आणि बारमध्ये अभिनेत्रीसमोर बसतो तेव्हा ‘झी’वर. तिला तो सांगतो, मी तुमचा प्रेक्षक आहे. जिच्या घरातला शब्दन्‌शब्द तो चोरून ऐकतो, तिच्याशी समोरासमोर बोलताना मात्र पूर्ण अदब.

दोन जागा रिमोट हातात घेऊन पाहाव्यात. पहिली सुरुवातीची, व्हीसलर शिकवतो त्या स्टासीच्या वर्गातली. कैद्याला झोपू न देणं अमानुष नाही का, असं एक विद्यार्थी विचारतो. म्यूए शांतपणे उत्तर देतो आणि त्या मुलाच्या नावापुढे फुली मारतो. चेहरा हलत नाही, काम फक्त पेन करतं. दुसरी लिफ्टमधली. चेंडू घेतलेला मुलगा सांगतो, बाबा म्हणतात स्टासीची माणसं वाईट असतात. व्हीसलर सवयीने विचारू लागतो, “काय नाव आहे तुझ्या...” आणि अडतो. मग शब्द येतो तो ‘चेंडूचं’. जर्मन ‘दाइन’ वडिलांनाही चालतं आणि चेंडूलाही, म्हणून वाक्य वळवायला जागा उरते. तो थांबा हाच सगळा अभिनय. भरधाव पुढे नेलात तर हातचा जाईल.

सोनीच्या अमेरिकन आवृत्तीत दिग्दर्शकाची कॉमेंटरी, काढून टाकलेले प्रसंग आणि मेकिंग आहे. कॉमेंटरी दुसऱ्या पाहण्यासाठी राखून ठेवावी.

उणीव एकच, पण मोठी. या भूमिकेमागची वाटचाल डिस्कवर दिसत नाही. म्यूए 1953 मध्ये ग्रिम्माला जन्मला, लाइपत्सिगला नाट्यशिक्षण घेतलं, पूर्व बर्लिनच्या डॉइचेस थिएटरमध्ये गाजला, आणि 4 नोव्हेंबर 1989 च्या आलेक्झांडरप्लात्झ चौकातल्या लोकशाहीसाठीच्या सभेत बोललाही. 1998 ते 2007 झेडडीएफ या जर्मन वाहिनीच्या ‘देर लेत्स्ते त्सॉइगे’ मालिकेत त्याने न्यायवैद्यक डॉक्टर कोल्मार उभा केला, तो वेगळा शोधावा लागतो. दिग्दर्शक हानेकेच्या 1997 च्या ‘फनी गेम्स’मधला बाप जरूर जोडीला पाहा. तिथे गुडघा मोडलेला हा माणूस सोफ्यावर पडून आहे आणि काहीच करू शकत नाही. इथे तो खुर्चीत बसून आहे आणि सगळं त्याच्याच हातात आहे. 2007 च्या जुलैमध्ये तो गेला, तेव्हा या चित्रपटाला ऑस्कर मिळून पाच महिनेच झाले होते.