पहिला अभ्यास कोणाचा: सुब्रत मित्र की राऊल कुतार?

कमी खर्चाच्या स्वतंत्र चित्रपटाचे छायाचित्रण हाती घेणाऱ्याने आधी कोणाचे काम बारकाईने पाहावे, असे कोणी विचारले की माझ्यापुढे दोनच नावे उभी राहतात: सत्यजित राय यांचे छायाचित्रकार सुब्रत मित्र आणि फ्रेंच छायाचित्रकार राऊल कुतार. दोघेही स्थिरचित्रणातून आले. कुतार इंडोचायनातील (आजच्या व्हिएतनाम परिसरातील) युद्धात छायाचित्रकार होते, तर मित्र यांनी १९५२ मध्ये 'पथेर पांचाली'चे चित्रण सुरू केले तेव्हा चित्रपटाचा कॅमेरा आधी कधीच चालवलेला नव्हता.

मित्र यांचे खरे मोठेपण 'अपराजितो'त (१९५६) दिसते. बनारसच्या घराचे अंगण कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारायचे ठरले, तेव्हा त्यांनी त्याला विरोध केला होता, कारण वरून उघड्या आकाशाचा जो सावलीविरहित उजेड अशा अंगणात उतरतो, तो स्टुडिओच्या दिव्यांनी साधणार नाही असे त्यांना वाटत होते. शेवटी त्यांनी सेटवर पांढरे कापड ताणले आणि दिव्यांचा झोत थेट पात्रांवर न टाकता त्या कापडावरून परतवला. प्रकाश कुठून येतो हे आधी ठरवायचे आणि मगच दिवा लावायचा, ही शिस्त त्या अंगणात स्पष्ट दिसते.

कुतार यांनीही पुढे खोलीच्या छतावरून प्रकाश परतवला, पण त्यामागचे कारण वेगळे होते: दिग्दर्शकाला आणि नटांना खोलीभर मोकळेपणी फिरता यावे आणि प्रत्येक शॉटसाठी दिवे हलवण्यात वेळ जाऊ नये. गोदार यांच्या 'ब्रेथलेस'मध्ये (१९६०) तर कॅमेरा सरकवण्याच्या ट्रॉलीच्या जागी व्हीलचेअर वापरली गेली आणि रात्रीच्या रस्त्यासाठी फोटो कॅमेऱ्याच्या फिल्मचे छोटे तुकडे जोडून रीळ तयार केले गेले. कॅमेऱ्याचा आवाज मोठा असल्याने संवाद नंतर ध्वनिमुद्रित करावे लागले, ही त्या वेगाची किंमत होती.

कारकिर्दीचे वळणही निराळे आहे. कुतार गोदार, त्रुफो, देमी अशा अनेक फ्रेंच दिग्दर्शकांबरोबर झपाट्याने काम करत राहिले आणि पुढे स्वतः दिग्दर्शकही झाले. मित्र यांच्या चित्रपटांची यादी त्या मानाने लहान आहे. सत्यजित राय यांच्याबरोबरचे काम 'नायक'पर्यंत (१९६६) चालले, दिग्दर्शक जेम्स आयव्हरी यांच्यासाठीही त्यांनी चार चित्रपट केले आणि पुढे अध्यापन केले. ही संख्या पाहून त्यांना मागे ठेवणे मला अन्यायाचे वाटते.

चित्रीकरणाचे दिवस मोजके आणि प्रसंग रस्त्यावरचे असतील, तर कुतार यांच्यापासून सुरुवात करावी. कथा घरात, चेहऱ्यांवर आणि दिवसाच्या बदलत्या वेळांवर उभी असेल, तर मात्र मी निःसंकोचपणे मित्र यांचे नाव सुचवेन. एका खिडकीजवळ एखाद्या माणसाला बसवावे, समोर पांढरी चादर धरावी आणि ती पुढे-मागे सरकवताना डोळ्यांखालची सावली कशी उजळत जाते ते पाहावे. 'अपराजितो'तले अंगण त्यानंतर पुन्हा पाहिले की पडद्याबाहेरचे ते कापड नेमके कुठे असेल, हे ओळखू येऊ लागते.