मॉन्टी पायथन बघायचंय: मालिका आधी, चित्रपट आधी, की नगरचा स्पाइक?

हिंजवडीत दिवसभर पायथनमध्ये कोड लिहिणाऱ्या माझ्या भाच्याला परवा पहिल्यांदा कळलं, की त्या नावाचा अजगराशी काही संबंध नाही. ही भाषा बनवणाऱ्या ग्विडो व्हॅन रॉसमने ते बीबीसीच्या एका विनोदी मालिकेवरून उचललं. त्या भाषेच्या उदाहरणांमध्ये सारखे 'स्पॅम' आणि 'एग्ज' येतात, तेही तिथलेच. नको असलेल्या ईमेलला स्पॅम म्हणतात, तेसुद्धा त्याच मालिकेतल्या एका खानावळीची कृपा. तिथे जवळपास काहीही मागवा, त्यात ते डबाबंद मांस असायचंच.

"मामा, मग बघायला सुरुवात कुठून करू?"

पहिल्या भागापासून तर अजिबात करू नकोस, एवढं त्याला लगेच सांगितलं. बाकीचं इथे लिहितोय.

निवड तशी तिघांत आहे. नगरला जन्मलेल्या स्पाइक मिलिगनचा, रेडिओवरचा 'द गून शो' (1951 ते 1960), टीव्हीवरची 'मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस' (1969 ते 1974, एकूण 45 भाग) आणि त्याच मंडळींचे दोन चित्रपट, 'होली ग्रेल' (1975) आणि 'लाइफ ऑफ ब्रायन' (1979). 1983 चा 'मीनिंग ऑफ लाइफ'ही आहे, पण तो नंतर बघावा, आणि जेवून उठल्यावर तर मुळीच नाही.

आधी मालिका. केंब्रिजचे तिघे (चॅपमन, क्लीझ, आयडल), ऑक्सफर्डचे दोघे (पेलिन, जोन्स) आणि टेरी गिलियम हा अमेरिकन चित्रकार. विनोदाला शेवटी टाळीचं वाक्य लागतं, हा दंडकच त्यांनी मोडला. प्रसंग रेंगाळायला लागला की एक कर्नल येऊन "फारच खुळचटपणा चाललाय" म्हणत तो बंद पाडतो. नाहीतर वरून 16 टनांचं वजन कोसळतं. शीर्षकात सगळ्यांना चिरडणारा तो भलामोठा पाय गिलियमने ब्रॉन्झिनोच्या सोळाव्या शतकातल्या चित्रातून कापून घेतला. मूळ चित्र लंडनच्या नॅशनल गॅलरीत आहे.

यातला पोपटाचा प्रसंग आधी बघ, पहिल्या पर्वाच्या आठव्या भागातला. क्लीझ मेलेला पोपट घेऊन दुकानात येतो. अर्ध्या तासापूर्वी इथूनच घेतला होता. दुकानदार पेलिन म्हणतो, मेला नाही हो, आराम करतोय. मग म्हणतो, त्याला नॉर्वेची आठवण येतेय. पिसं किती सुंदर आहेत बघा! क्लीझ पोपट काउंटरवर आपटतो, वर फेकतो, तो दाणकन खाली पडतो. पोपट दांडीवर बसला होता, कारण त्याला खिळे ठोकले होते. यात विक्षिप्त काय आहे, तर काहीच नाही. गेल्या वर्षी मी घेतलेल्या मिक्सरचं भांडं पहिल्याच दिवशी गळायला लागलं, तेव्हा आमच्या दुकानदाराने निर्विकारपणे सांगितलं होतं, "नवीन आहे ना, रुळेल." पन्नास वर्षं उलटली तरी हा प्रसंग शिळा होत नाही तो त्या चेहऱ्यामुळे. वेडेपणा जगाचा, पण भाषा मात्र कचेरीची, नम्र आणि नियमात बसणारी. दुसऱ्या एका प्रसंगात खुळ्यागत चालण्यासाठी वेगळं मंत्रालय काढलं, तरी तिथेही मुद्दा अनुदानाचाच!

आता तोटे. पंचेचाळीस भागांत भाकड जागा पुष्कळ. तेव्हाच्या बीबीसी निवेदकांच्या नकला आपल्याला कळत नाहीत. बायकांच्या बहुतेक भूमिका पुरुषच साड्या, आपलं, फ्रॉक घालून करतात, आणि मालिकेतली नटी कॅरल क्लीव्हलंड हिच्या वाट्याला बरेचदा नुसतं सुंदर दिसणं येतं. चौथ्या पर्वात क्लीझच नाही. तिथवर नाही पोचलास तरी चालेल.

'होली ग्रेल' दीड तासाचा आणि उनाड. घोड्यांना पैसे नव्हते, म्हणून राजा आर्थर नुसता उड्या मारत येतो आणि मागचा नोकर नारळाच्या करवंट्या वाजवून टापांचा आवाज काढतो. मग तटावरचे पहारेकरी हुज्जत घालतात, की इंग्लंडात नारळ आला कुठून. गरिबीचा असा वापर मला फार आवडतो. पण चित्रपट म्हणून तो प्रसंगांची गोधडीच आहे.

'लाइफ ऑफ ब्रायन'ला मात्र गोष्ट आहे. ऐन वेळी पैसे लावणाऱ्या ईएमआय कंपनीने अंग काढून घेतलं, तेव्हा बीटल्सच्या जॉर्ज हॅरिसनने पैसे उभे केले. नॉर्वेत त्यावर बंदी आली, तर स्वीडनने 'नॉर्वेत बंदी घालावी लागली इतका विनोदी' अशी जाहिरात केली. ब्रायन, येशूच्या काळातला एक ज्यू तरुण, रात्री रोमन राजवाड्याच्या भिंतीवर 'रोमनांनो, घरी चालते व्हा' असं लॅटिनमध्ये रंगवतो आणि पकडला जातो. अधिकारी त्याला अटक करत नाही, व्याकरण तपासतो. घराकडे जायचं, मग विभक्ती कोणती? ब्रायन चाचरत चतुर्थी म्हणतो, तलवार गळ्याशी येते, मग एकदम द्वितीया आठवते! आठवीत 'गृहं गच्छत' घोकलेल्या माणसाला इथे सबटायटल्सही लागत नाहीत. शिक्षा काय, तर शुद्ध वाक्य शंभर वेळा लिहायचं. पहाटेपर्यंत सगळी भिंत रोमनांच्या विरोधात रंगलेली असते.

तेव्हा ब्रायन आधी, मग पोपटाचा भाग, आवडला तर पहिली दोन पर्वं. 'होली ग्रेल' मित्र जमतील त्या रात्रीसाठी ठेव.

गून शोचं काय? तो कानाने ऐकायचा, त्यातही चमत्कारिक आवाज आणि उच्चार, त्यामुळे नवख्याला जड जातो. त्यातला नट पीटर सेलर्स याचे हिंदुस्थानी उच्चार आज ऐकताना थोडं अवघडायलाही होतं. पण त्याचा मुख्य लेखक स्पाइक मिलिगन 1918 मध्ये अहमदनगरला जन्मला, वडील इथल्या लष्करात होते आणि लहानपण पुण्याच्या कॅम्पात गेलं. शेवट न करता प्रसंग सोडून द्यायची युक्तीही पायथनवाल्यांच्या आधी काही महिने त्याने टीव्हीवर करून दाखवली होती. ती बघून क्लीझ-जोन्स हबकले आणि त्यांनी दिग्दर्शकही मिलिगनचाच, इयन मॅकनॉटन, घेतला. भाचा नगरचा, त्यामुळे त्याने हा क्रम उलटा केला तर मी काही बोलणार नाही.

मिलिगन 2002 मध्ये गेला. इंग्लंडात विंचेल्सीच्या चर्चच्या आवारात त्याच्या थडग्यावर आयरिश भाषेत कोरलंय: मी आजारी आहे, हे मी तुम्हाला सांगत होतो.