हापूसबागेतल्या विज्ञानकथेसाठी यंत्र निवडताना: सगळ्या काळरेषांत बदल, की एका रेषेतून उसनवार?

समांतर काळरेषांमध्ये, म्हणजे आपल्यासारख्याच पण वेगळ्या वाटेने गेलेल्या जगांमध्ये, जनुकं बदलणारं यंत्र प्रत्यक्षात नाही. पण दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहायला घेतली असेल आणि ती देवगड-रत्नागिरीकडच्या बागेत घडणार असेल, तर ते कल्पून पाहण्यासारखं आहे. त्याची रचना दोन तऱ्हांनी करता येते. एका तऱ्हेत इथल्या झाडाचं जनुक बदललं की सगळ्या काळरेषांतल्या त्याच झाडात तो बदल उमटतो. दुसऱ्या तऱ्हेत एखाद्या रेषेत निसर्गतः झालेला बदल शोधायचा, त्याची अक्षरं (जनुकाचा मजकूर ज्या रासायनिक घटकांत लिहिलेला असतो ते) इकडे मागवायची आणि आपल्या झाडात बसवायची. मी दुसरी तऱ्हा घेईन.

बागेतली अडचण खरीच घ्या: साका. आंबा बाहेरून निर्दोष, कापला की आत पांढुरका, स्पंजासारखा, आंबट गर. पिकण्याआधीच आतली बाठ रुजण्याच्या तयारीला लागते, हे त्यामागचं एक कारण संशोधकांनी मांडलं आहे. वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्राने नीलम आणि हापूसच्या संकरातून 1981 साली 'रत्ना' हा नवा आंबा दिला. त्यात साका नाही, पण तो हापूसही नाही. हापूस हापूसच ठेवून साका घालवायचा, ही इच्छा कथेला पुरेशी आहे.

आता पहिलं यंत्र. जनुक कापणाऱ्या क्रिस्पर-कॅस 9 या साधनाला नेमकी जागा दाखवतो तो सुमारे 20 अक्षरांचा मार्गदर्शक आरएनए, म्हणजे जनुकातल्या अक्षरांशी जुळणारा छोटा रेणू. ती 20 अक्षरं दुसऱ्या रेषेत जुळली तरच काप तिथे बसणार. हापूसच्या बाबतीत ती जुळतील, कारण हापूसचं प्रत्येक कलम मूळ एकाच झाडाची प्रत आहे. ते मूळ रोप उगवल्यानंतर फुटलेल्या सगळ्या काळरेषांत हापूस जवळजवळ अक्षरशः तोच असणार. त्याआधी फुटलेल्या रेषांत मात्र हापूस बहुधा नसेलच. आंब्यात गुणसूत्रांच्या (जनुकं ज्यांवर असतात त्या धाग्यांच्या) 20 जोड्या असतात. त्यांच्या नुसत्या वाटणीतूनच एका झाडापासून 10,48,576 प्रकारचे परागकण होऊ शकतात. तेच आईबाप पुन्हा जुळले तरी तेच रोप उगवण्याची आशा नाही. बाठीपासून वाढलेल्या रायवळात प्रत्येक झाड वेगळं निघतं, त्याचं कारण हेच.

म्हणजे हापूसवर पहिलं यंत्र उत्तम चालेल, आणि मला भीती त्याचीच वाटते. एका बागायतदाराचा निर्णय अगणित बागांवर लादला जाईल आणि तिथल्या कुणाला विचारलेलं नसेल. आंब्यात हे कदाचित खपून जाईल. कथा माणसांकडे वळवा, म्हणजे खरा धोका दिसतो. सिकलसेल हा रक्ताचा आजार हिमोग्लोबिनच्या जनुकातल्या एका अक्षराच्या बदलाने होतो. आई आणि वडील दोघांकडून तो बदल आला तर हाल होतात, पण एकाकडूनच आला तर गंभीर मलेरियापासून मोठं संरक्षण मिळतं. इथे दवाखाना जवळ आहे, औषध मिळतं, म्हणून ते अक्षर सगळ्या रेषांत दुरुस्त केलं, तर जिथे मलेरियावर औषधच सापडलेलं नाही तिथली मुलं आपण मारली. एका जागचा दोष दुसऱ्या जागी आधार असतो, हे या यंत्राला कळण्याची सोयच नाही. (2023 मध्ये ब्रिटन आणि अमेरिकेत मान्य झालेला क्रिस्पर उपचारही ते अक्षर दुरुस्त करत नाही. तो गर्भावस्थेतलं हिमोग्लोबिन पुन्हा चालू करतो. माणसांवर लिहिणाऱ्याने हा बारकावा सोडू नये.)

भौतिकशास्त्रातही उसनवारीचं पारडं थोडं जड आहे. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट यांनी 1957 साली मांडलेल्या कल्पनेत जगाच्या शाखा, म्हणजे आपल्या कथेतल्या काळरेषा, फुटतात, पण एकमेकींशी बोलत नाहीत. जोसेफ पोल्चिन्स्की यांनी 1991 मध्ये दाखवलं, की पुंजयामिकीची (अणूंसारख्या सूक्ष्म गोष्टींच्या शास्त्राची) समीकरणं किंचित अरेषीय, म्हणजे सरळ प्रमाणात न चालणारी, असली तर शाखांमध्ये निरोप जाऊ शकेल. या कल्पित साधनाला त्यांनी 'एव्हरेट फोन' म्हटलं. फोनवरून निरोप जातो, कात्री जात नाही. पहिल्या यंत्रासाठी पलीकडच्या झाडात हात घालायला हवा, दुसऱ्याला जनुकाची अक्षरं कळली की पुरे.

आणि निरोप यायला पलीकडे माणूस लागतो. त्या रेषेतल्या बागेत जुन्या हापूसच्या एखाद्या फांदीवर साका न धरणारी फळं लागली, ते कुणाच्या तरी लक्षात आलं, त्याने ती फांदी जपली, तिची अक्षरं वाचून घेतली. तो आपल्याला ती का देईल? बदल्यात काय मागेल? कदाचित त्याच्या रेषेत त्याचे वडील लवकर गेले आणि आपल्याकडे ते अजून बागेत फिरतात. त्याला त्यांच्याशी बोलायचं असेल. कथा इथून उभी राहते. पहिल्या यंत्रात एकच माणूस आणि एक कळ, मग दुसरं पात्र आणायचं कुठून?

उसनवारीची किंमतही मोजायला हवी. अक्षरं आली तरी ती पेशीत बसवायची आणि त्या पेशीपासून रोप वाढवायचं, हे आंब्यात फार कठीण आहे. ते साधलं तर त्याची काडी रायवळाच्या रोपावर बांधायची आणि फळासाठी काही वर्षं थांबायचं. कथा एका रात्रीत आटपायची असेल तर हे यंत्र सोयीचं नाही. तेव्हा सुरुवातच त्या कलमाला पहिला मोहोर आल्यापासून करा आणि मागचे निरोप मधे मधे येऊ द्या. काळरेषा दोनच ठेवा. पहिलं यंत्र मी एकाच कथेला सुचवीन, जिथे नायक ते बंद पाडायला निघालेला आहे.