घरातलं ८ मिमी रीळ: भिंतीवर दाखवून टिपावं की फ्रेमगणिक स्कॅन करावं?

कुटुंबावरच्या माहितीपटात जुनी रिळं वापरायची म्हटली की हा पेच पडतोच.

खर्चाचं सरळ आहे. चालू प्रोजेक्टर हाताशी असेल तर भिंतीवरचं चित्र टिपणं जवळपास फुकट, स्कॅनला पैसे मोजावे लागतात.

खरी डोकेदुखी लुकलुकीची. सुपर ८ या ८ मिमी फिल्मच्या प्रकाराचा नेहमीचा वेग सेकंदाला १८ फ्रेम; प्रोजेक्टरच्या तीन पात्यांच्या शटरमुळे प्रत्येक फ्रेमवर तीनदा, म्हणजे सेकंदाला ५४ वेळा प्रकाशाचे झोत पडतात. सेकंदाला २५ फ्रेम टिपणाऱ्या कॅमेऱ्याशी ते जुळत नाहीत. प्रोजेक्टर १६⅔ वर आणला की झोत ५० होतात; कॅमेऱ्याचं शटर १/५० ठेवा. तरीही उजळ भाग पांढरेफटक पडतात. हा पांढरटपणा ‘आठवणीसारखा’ वाटतो म्हणून भुलू नका. तो नंतरही आणता येतो, गेलेला तपशील येत नाही. स्कॅनमध्ये प्रत्येक फ्रेम सुटी मिळते, चेहऱ्यावर थांबता येतं.

रिळाला व्हिनेगरसारखा वास येत असेल तर ते आक्रसलेलं असू शकतं. मग फिल्म पुढे ओढणारा प्रोजेक्टरचा दात तिच्या कडेची भोकं फाडू शकतो. असं रीळ दाते नसलेल्या स्कॅनरवरच द्यावं.

रिळं धडधाकट आहेत, आत काय आहे एवढंच पाहायचंय, तर भिंत पुरे. सुपर ८ चं ५० फुटी रीळ १८ फ्रेमच्या वेगाने ३ मिनिटं २० सेकंदांत संपतं. माहितीपटात जाणाऱ्या रिळांना मात्र स्कॅनच.