अथेन्समधली ‘देवळांची चर्च कशी झाली’ वॉकिंग टूर: बाबांना घेऊन केली, सविस्तर लिहितेय

मागच्या ऑक्टोबरात बाबांना घेऊन अथेन्सला गेले होते. बाबा इतिहासाचे शिक्षक होते, आता वय ७२, आणि विमानात बसायच्या आधीपासून त्यांचा एकच प्रश्न चालू होता की झ्यूस, अथीना, अपोलो हे एवढे हजारेक वर्षं पुजलेले देव, ते लोकांनी आपणहून सोडले का सोडायला लावले? नेहमीच्या टूरमध्ये पेरिक्लीस, लोकशाही, फोटो आणि संपलं, म्हणून शोधून शोधून एका छोट्या लोकल कंपनीची फक्त याच विषयावरची टूर बुक केली. माणशी ४५ युरो, साडेचार तास, स्मारकांची तिकिटं वेगळी. कंपनीचं नाव टाकत नाहीये कारण तक्रारपण आहे आणि आमच्या एका सकाळवरून कुणाचा धंदा बसायला नको.

आधी तक्रारच सांगते. बुकिंगला लिहिलं होतं जास्तीत जास्त १० माणसं, प्रत्यक्षात आम्ही १९ होतो. कानात लावायचं यंत्र दिलं त्यात निम्मा वेळ खरखर, बाबांना तर पहिला तासभर काहीच नीट ऐकू आलं नाही, शेवटी मी गाईडला सांगितलं तेव्हा तिने त्यांना स्वतःच्या शेजारी घेतलं आणि मग सगळं जमलं. पण सांगावं लागलं हे चुकलंच.

गाईड मात्र खरंच अभ्यासू. सुरुवात अक्रोपोलिस टेकडीच्या दक्षिण उताराकडून, अस्क्लेपिऑसच्या देवळापासून. हा आरोग्याचा देव, लोक इथे रात्री झोपायला यायचे, स्वप्नात देव येऊन बरं करतो म्हणून, आणि बरं झालं की दगडात कोरलेला डोळा, कान, पाय वाहायचे. पुढे याच जागेवर, याच देवळाचे दगड वापरून चर्च उभं राहिलं. आणि आजही ग्रीसच्या चर्चमध्ये पत्र्यावर उठवलेले डोळे-पाय वाहतात, त्याला तामा म्हणतात, मिट्रोपोली या अथेन्सच्या मुख्य चर्चच्या आसपासच्या दुकानांत लटकवलेले दिसतात. बाबा लगेच म्हणाले, अगं हे तर माउंट मेरीला मेणाचे हातपाय वाहतात तसंच! वांद्र्याची जत्रा पाहिलेल्याला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

तिथूनच खाली रस्त्याकडे बोट दाखवून तिने प्रोक्लसची गोष्ट सांगितली. हा पाचव्या शतकातला तत्त्वज्ञ, अथेन्सच्या प्लेटोपंथी शाळेचा प्रमुख, जुने देव मानणारा, ४८५ साली गेला. त्याच्या शिष्याने चरित्र लिहून ठेवलंय, त्यात आहे की पार्थेनॉनमधली अथीनेची मूर्ती हलवली तेव्हा प्रोक्लसच्या स्वप्नात एक बाई आली आणि म्हणाली, घर आवर, अथेन्सची देवी तुझ्याकडे राहायला येतेय. मला तिथे एकदम भरून आलं. देऊळ गेलं तर देवी घरी आणायची, हे ज्याच्या घरात देव्हारा आहे त्याला आतून कळतं. त्याचं मानलं जाणारं घर १९५५ मध्ये तिथेच सापडलं, आता रस्त्याखाली बुजवलेलं आहे. त्यात डुकराच्या पिल्लाचा बळी पुरलेला मिळाला, गळ्यात सुरी तशीच. म्हणजे बळीवर बंदी घालणारे रोमन सम्राट थिओडोसियसचे हुकूम निघाले ३९१-३९२ मध्ये, आणि तरी हे कुणीतरी घराच्या आत, दार लावून चालू ठेवलेलं. इथे टूरने अक्षरशः पाच मिनिटं दिली. पंधरा तरी द्यायला हवी होती, अख्ख्या सकाळचा गाभा हा आहे.

मग वर टेकडीवर पार्थेनॉन, अथीनेचं मोठं देऊळ. इथे तिने आम्हाला पूर्वेच्या बाजूला नेऊन उभं केलं आणि सांगितलं की चर्च करताना दार पश्चिमेला केलं, पूर्वेला वेदीसाठी अर्धगोल भिंत बांधली, आणि त्यात अथीनेच्या जन्माच्या शिल्पाचा मधला भाग काढून टाकला गेला. पूर्व, पश्चिम, उत्तर या बाजूंच्या, खांबांच्या वरच्या कोरीव चौकटींवरचे देव-वीर छिन्नीने छिलून काढलेत, आणि उत्तरेची एकच चौकट धड राहिली, बहुतेक तिच्यातल्या दोन बायका बघून देवदूत आणि मेरी वाटल्या असाव्यात म्हणून. अथीना पार्थेनॉस, म्हणजे कुमारिका, तिचं देऊळ कुमारी मेरीचं झालं आणि पुढे जवळजवळ हजार वर्षं चर्च होतं. १०१८ मध्ये बायझंटाइन सम्राट दुसरा बॅसिल लढाई जिंकून आभार मानायला इथेच आला होता. खांबांवर बिशपांच्या मृत्यूच्या तारखा खरवडलेल्या आहेत, पण आत जाता येत नाही, त्यामुळे ते लांबूनच.

उतरताना अरिओपागस हा खडक, जिथे ख्रिस्ती धर्माचा प्रचारक संत पॉल इसवी सन ५० च्या आसपास अथेन्सवाल्यांशी बोलला. त्याने ‘अज्ञात देवाला’ अशी एक वेदी शहरात पाहिली होती, तोच धागा पकडून बोलला. खाली ब्राँझच्या पाटीवर ते भाषण ग्रीकमध्ये आहे. काही लोक हसले, काही म्हणाले नंतर ऐकू, थोडेच बरोबर गेले, त्यात डायोनिसिअस आणि दमारिस ही दोन नावं नोंदलेली आहेत. वरचा खडक झिजून साबणासारखा गुळगुळीत झालाय, लोखंडी जिना वापरा, वयस्कर माणसांना वर नेऊच नका, आम्ही खालीच बसलो.

आणि इथेच बाबांनी आपला प्रश्न विचारला. गाईडने घाईत उत्तर दिलं नाही, हे मला फार आवडलं. ती म्हणाली दोन्ही. पॉलपासून सम्राट जस्टिनियनने ५२९ मध्ये अथेन्समधलं तत्त्वज्ञान शिकवणं बंद करेपर्यंत पावणेपाचशे वर्षं गेली. ख्रिस्ती झालेल्या सम्राट कॉन्स्टंटाईननंतर राजाश्रय फिरला, देवळांचा पैसा आणि जमिनी गेल्या, पैसा नाही तर उत्सव नाही, उत्सव नाही तर पोरांना देव माहीतच होत नाही. दुसरीकडे चर्च विधवांना, गरिबांना सांभाळत होतं. ज्युलियन हा जुन्या देवांकडे परत गेलेला सम्राट, ३६१ ते ३६३, त्याच्या पत्रातच तक्रार आहे की हे ख्रिस्ती लोक स्वतःच्याच नाही तर आपल्याही गरिबांना पोसतात. आणि शेवटी कायदा आणि हातोडा. ‘हेलीन’ म्हणजे ग्रीक, या शब्दाचाच अर्थ पुढे ‘मूर्तिपूजक’ असा झाला आणि ग्रीक लोक स्वतःला रोमन म्हणवू लागले. दक्षिणेच्या मानी भागात तर नवव्या शतकापर्यंत जुने देव टिकले होते. बाबा बराच वेळ गप्प होते, मग वहीत लिहून घेतलं.

अगोरातलं, म्हणजे जुन्या बाजारचौकातलं, हेफायस्टॉस या लोहार देवाचं देऊळ बघाच. सेंट जॉर्जचं चर्च झालं, १८३४ पर्यंत होतं, आणि म्हणूनच आज छपरासकट उभं आहे. वापरात राहिलं ते वाचलं. वाऱ्यांचा मनोरा घाईत उरकला, ठीक आहे.

शेवट मिक्री मिट्रोपोली, मोठ्या चर्चशेजारचं इवलंसं चर्च, भिंती जुन्या संगमरवराच्या तुकड्यांनी भरलेल्या. दारावर प्राचीन अथेन्सच्या सणांचं कोरीव पंचांग आहे, महिने, राशी, सण सगळं, आणि अथीनेच्या मोठ्या उत्सवातलं जहाज जिथे कोरलंय, नेमका त्यावर क्रॉस. पण बाकीचं पंचांग तसंच ठेवलंय, दारावर, मानाच्या जागी. बाबा मान वर करून दहा मिनिटं एकेक महिना बघत उभे होते, ग्रुप निघून गेला तरी.

पाचपैकी चार देते. एक स्टार गर्दी आणि यंत्रासाठी कापला. बुक करताना किती माणसं असणार हे लेखी विचारून घ्या, सकाळचीच वेळ घ्या, जाड तळव्याचे बूट घाला, पाणी न्या. रविवार टाळा, चर्चमध्ये प्रार्थना चालू असते आणि मग दारातलं पंचांग निवांत बघता येत नाही.