नाण्यांची गणितं: आधी ‘मानून चला’, मग ‘क्ष’

नाशिकरोडला नोटा छापतात, नाणी पडतात मुंबईच्या टांकसाळीत. पण नाण्यांचं गणित शिकायला रविवार कारंजावरच्या भाजीवाल्या मावशींचा गल्ला पुरतो. गल्ल्यात दोनची आणि पाचची मिळून ३० नाणी, रक्कम ९६ रुपये. पाचची किती?

पहिली रीत: सगळी दोनचीच माना. झाले ६० रुपये, कमी पडले ३६. एक दोनचं नाणं काढून पाचचं ठेवलं की ३ रुपये वाढतात. ३६ भागिले ३, म्हणजे पाचची १२ आणि दोनची १८. पाचवीच्या मुलासमोर खरी नाणी मांडून अशी अदलाबदल करून दाखवा. आपण भागाकार का केला, हे त्याला हाताने कळतं. मला ही रीत मनापासून आवडते.

दुसरी रीत: पाचची ‘क्ष’ मानली तर ५क्ष + २(३० − क्ष) = ९६. सोडवलं की ३क्ष = ३६. तेच ३, तेच ३६! फक्त इथे ते कुठून आले ते दिसत नाही, आणि घाईत मुलं कंस विसरून ५क्ष + २क्ष = ९६ लिहितात, म्हणजे दोन्ही प्रकारची नाणी सारख्याच संख्येने आहेत असं धरतात. मात्र तीन प्रकारची नाणी आली आणि ‘दोनची एकच्या तिप्पट’ अशा अटी जोडल्या, की मानून चालणं गुंतागुंतीचं होतं. तिथे समीकरणच बरं.

म्हणून पाचवी-सहावीत पहिली रीत, सातवीपासून दुसरी. उत्तर मात्र दोन्हीकडे रुपयांत ताळून बघायचं: पाचच्या १२ नाण्यांचे ६० + दोनच्या १८ नाण्यांचे ३६ = ९६.