फ्रेंच बटाटा सॅलड की मेयोनीजचं? ठरवण्याआधी हे पाहा

बुफेत दिसणारं थंड, पांढरं, मेयोनीजमध्ये घोळलेलं बटाटा सॅलड सगळ्यांच्या ओळखीचं आहे. फ्रेंच पद्धत अगदी वेगळी. त्यात मेयोनीज नाही आणि साखरही नाही. गरम बटाट्याच्या चकत्यांवर आधी व्हाइट वाइन किंवा भाज्यांचं सूप शिंपडायचं, मग व्हिनेगर, मोहरी आणि तेल यांचं ड्रेसिंग, वर कांदा आणि हिरवा पाला. ते कोमटच खायचं.

पाहुणे आल्यावर तासाभरात पानं घेणार असाल तर फ्रेंच पद्धतच करा. सकाळी करून रात्री फ्रिजमधून थेट टेबलावर ठेवायचं असेल तर मेयोनीजचं बरं. शिजलेल्या बटाट्यातला स्टार्च गारठ्यात घट्ट होतो. मेयोनीजच्या जाड थरात तो कडकपणा लपतो, पातळ ड्रेसिंगमध्ये उघडा पडतो. फ्रेंच सॅलड उरलंच तर फ्रिजमध्ये ठेवा, वाढण्याआधी अर्धा तास बाहेर काढा आणि चमचाभर व्हिनेगर पुन्हा शिंपडा.

उन्हाळ्यात नाशिकजवळच्या गंगापूर धरणाकडे डबा घेऊन जायचा असेल, तर ‘मेयोनीज नासतं, तेलाचं टिकतं’ या समजुतीवर विसंबू नका. बाजारचं मेयोनीज बऱ्यापैकी आंबट असतं. जंतूंना खरं फावतं ते शिजलेल्या, ओलसर बटाट्यात. दोन्ही सॅलडं बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नयेत, आणि पारा 32 अंशांच्या वर असेल तर तासभरच. घरी कच्च्या अंड्याचं मेयोनीज करणार असाल तर साल्मोनेला या जंतूचा धोका वेगळाच. लहान मुलं, गरोदर बायका आणि वयस्कर माणसं जेवायला असतील तर ते टाळाच.

फ्रेंच सॅलड बिघडतं ते बहुतेक वेळा बटाट्याच्या निवडीत. मेयोनीजच्या सॅलडात बटाटा थोडा फुटला तरी चालतं, इथे चकती अखंड राहायला हवी. त्यासाठी कमी पिठूळ, चिकटसर बटाटा लागतो. पुखराज या कामाला चांगला, वेफर्ससाठीचा चिप्सोना अजिबात नको. भाजीवाल्याला जात सांगता येतेच असं नाही, म्हणून घरी तपासा: 11 वाट्या पाण्यात 1 वाटी मीठ विरघळवा आणि कच्चा बटाटा सोडा. पिठूळ बटाटा बुडतो, चिकट तरंगतो. बुडालेले भाजीला किंवा वड्यांना वापरा. हिवाळ्यात पातळ सालीचे नवे बटाटे मिळतात तेव्हा फारसं पारखावंही लागत नाही. शीतगृहातल्या बटाट्यात स्टार्चची साखर होते आणि तो गोडवा व्हिनेगरशी जमत नाही. असे बटाटे आठ-दहा दिवस घरात, अंधाऱ्या जागी बाहेर ठेवले तर गोडवा बराच उतरतो.

कुकर की पातेलं? इथे पातेलंच. कुकरमध्ये बाहेरचा भाग फुटेपर्यंत आतला जेमतेम शिजतो. चार-पाच जणांसाठी 1 किलो सारख्या आकाराचे लहान बटाटे सालीसकट गार पाण्यात घाला, लिटरमागे 10 ग्रॅम मीठ टाका. उकळी आली की आच मंद करून 20 ते 25 मिनिटं शिजवा. सुरी न अडखळता आत गेली पाहिजे, पण बटाटा दुभंगता कामा नये. निथळा, हाताला सोसेल इतके गरम असतानाच सोला आणि अर्धा सेंटिमीटरहून किंचित जाड चकत्या करा. लगेच 4 मोठे चमचे वाइन किंवा सूप शिंपडून पाच मिनिटं थांबा. घाई करून आधी तेल घातलंत तर त्याचा पापुद्रा बसतो आणि आंबटपणा आत शिरत नाही. गार बटाट्यावरही तेच होतं: रस तळाशी साचतो, चकत्या आतून अळणी राहतात.

वाइनच्या बाबतीत नाशिककरांना दूर जावं लागत नाही, दिंडोरी आणि गंगापूरच्या बाजूला वायनरी आहेतच. मात्र बाटलीवर ‘ड्राय’ असल्याची खात्री करा. सोविन्याँ ब्लाँ चांगली, गोडसर शेनिन नको. इथे वाइन उकळली जात नाही, त्यामुळे अल्कोहोल बरंचसं राहतं. न पिणारी मंडळी किंवा मुलं जेवायला असतील तर सूपच वापरा. चवीत फरक पडतो, पण सॅलड फसत नाही.

ड्रेसिंगसाठी 2 मोठे चमचे व्हिनेगर, 2 छोटे चमचे मोहरीची पेस्ट, अर्धा छोटा चमचा मीठ आणि मिरपूड फेटा, मग 6 मोठे चमचे तेल धारेनं घालत फेटत राहा. मोहरीमुळे तेल आणि व्हिनेगर काही काळ एकजीव राहतात. वाइन व्हिनेगर मिळालं तर उत्तम, नाहीतर सफरचंदाचं. सिंथेटिक व्हिनेगर घशाला झोंबतं, त्यापेक्षा लिंबू बरं. दिजाँ मोहरीची, म्हणजे फ्रेंच मोहरी-पेस्टची, बाटली महाग वाटली तर मोहरीची डाळ पाण्यात फेसून घ्या, दहा मिनिटं मुरू द्या आणि त्यानंतरच व्हिनेगर घाला. व्हिनेगर आधी पडलं तर मोहरीला तिखटपणा चढतच नाही. फेसलेली मोहरी दिजाँपेक्षा झणझणीत, म्हणून निम्मीच घ्या.

तेलासाठी ऑलिव्हचाच हट्ट नको, फ्रान्समध्येही शेंगदाण्याचं तेल सर्रास वापरतात. मात्र ते रिफाइंड असतं. आपल्या घाण्याच्या तेलाचा दाण्याचा वास बाकी सगळं झाकून टाकतो.

कांदा फ्रेंच घरांत शॅलट असतो. आपल्याकडचे सांबारचे छोटे कांदे त्याच्या सर्वांत जवळचे. साधा लाल कांदा घेतला तर अगदी बारीक चिरून दहा मिनिटं ड्रेसिंगच्या व्हिनेगरमध्येच भिजवा, उग्रपणा उतरतो. पार्सली मिळाली नाही तर शेपू आणि कांद्याची पात घाला. कोथिंबिरीनं चव थेट चाटकडे झुकते. पाला मात्र चकत्या कोमट झाल्यावर, वाढायच्या आधी घाला. वाफेत तो काळा पडतो.